भिंती कुणाच्या?

२१ डिसेंबर १९६३ च्या संध्याकाळी बीबीसीवर 'डॉक्टर हू' या नव्याकोऱ्या मालिकेचा एक भाग संपत आला होता. शेवटच्या क्षणी पडद्यावर एक हात आला. हात कसला, तुंबलेलं सिंक मोकळं करायचा रबरी पंप असतो ना, तसलं काहीतरी दांड्याच्या टोकाला बसवलेलं. समोर भिंतीला चिकटलेली बाई किंचाळली आणि भाग संपला. तो हात कुणाचा, हे पुढच्या आठवड्यात दिसलं. पाय नसलेला, वर निमुळता होत गेलेला, खालच्या अंगावर अर्धगोल गुठळ्यांच्या रांगा, आणि चालण्याऐवजी जमिनीवरून नुसता सरकत येणारा डालेक. साठ वर्षं होऊन गेली, तरी नुसती सावली दाखवली की तो आकार ओळखणारी माणसं जगभर आहेत.

डालेक लिहिला टेरी नेशन यांनी आणि कागदावर काढला रेमंड कसिक यांनी. नेशन यांच्या संहितेत पाय नसलेलं, गोल तळावर सरकणारं भयानक यंत्र होतं, हे मान्यच करायला हवं. पण तसं वर्णन वाचून दहा माणसं दहा वेगळी यंत्रं काढतील. त्यातलं एक लोकांच्या स्वप्नात जाऊन बसलं, ते कसिक यांचं. गंमत म्हणजे हे काम आधी त्यांच्याकडे नव्हतंच. बीबीसीच्या डिझाइन विभागातल्या रिडली स्कॉट नावाच्या एका तरुणाला ते द्यायचं ठरलं होतं, त्याच्या तारखा जमल्या नाहीत. (तो तरुण पुढे चित्रपट दिग्दर्शक झाला. त्याची काळजी करायला नको.)

पुढे डालेकची खेळणी निघाली, चित्रपट निघाले, पुस्तकं निघाली. नेशन स्वतंत्र लेखक होते, त्यामुळे हक्कात त्यांचा वाटा होता आणि त्यावर ते श्रीमंत झाले. कसिक पगारी नोकर होते. त्यांना बीबीसीने खुशीने म्हणून जे दिलं ते शंभर पौंडांच्या आसपास होतं. श्रेयनामावलीत वर्षानुवर्षं 'डालेकचे निर्माते टेरी नेशन' असं येत राहिलं. बंद पडलेली ही मालिका पुन्हा सुरू करायची तयारी चालू असताना, २००४ मध्ये, नेशन यांच्या वारसांशी बोलणी फिसकटली आणि काही आठवडे डालेक नव्या मालिकेत नसणार असंच चित्र होतं. मग समेट झाला. लेखकाच्या वारसांच्या 'नाही'ला एवढं वजन होतं. ज्याने तो आकार काढला तो तेव्हा हयात होता, आणि त्याला विचारायचं कुणाला कारणच नव्हतं. कसिक २०१३ मध्ये गेले.

हा किस्सा टीव्हीच्या धंद्यात सगळ्यांना पाठ आहे. सांगणारा सांगतो, ऐकणारा चुकचुकतो, आणि दोघं कामाला लागतात. माझी तक्रार त्या चुकचुकण्याबद्दल आहे. कसिक यांचं जे झालं ते एका माणसाचं दुर्दैव म्हणून सांगितलं जातं, आणि त्यामुळे ती एक पद्धत होती, अजून आहे, आणि आज ती तेव्हापेक्षा जास्त अन्यायाची झाली आहे, हे झाकलं जातं. टीव्ही मालिकेचं जग ज्याने उभं केलं त्या प्रॉडक्शन डिझायनरचं नाव ती मालिका चालेल तोवर तिच्यावर राहिलं पाहिजे, आणि त्या जगाच्या जोरावर जी कमाई होत राहते तिच्यातला लहानसा वाटा त्याच्याकडे जात राहिला पाहिजे. मला एवढंच म्हणायचं आहे. पण या 'एवढंच' म्हणण्याला धंद्यातलेच लोक सर्वात आधी हसतात, म्हणून सविस्तर लिहितो.

आपल्याकडे नेपथ्य हा शब्द दोन अर्थांनी वापरतात. रंगमंचावर जे उभं केलेलं दिसतं तेही नेपथ्य, आणि प्रेक्षकाला जे दिसत नाही, पडद्यामागे चालतं, तेही नेपथ्य. या कामाची सगळी अडचण त्या एका शब्दात आली आहे. वस्तू डोळ्यांसमोर, करणारा मागे. 'प्रॉडक्शन डिझायनर' हे बिरुद मुळात हीच अडचण सोडवायला निघालं. १९३९ मध्ये 'गॉन विथ द विंड'साठी विल्यम कॅमेरॉन मेन्झीज यांनी चित्रपटाचं रंगरूप एका हाताने बांधलं, तेव्हा निर्माते डेव्हिड सेल्झनिक यांना 'कला दिग्दर्शक' हा शब्द तोकडा वाटला आणि त्यांनी हा नवा वापरला. ऑस्करवाल्यांनी आपल्या पुरस्काराचं नाव 'कला दिग्दर्शन' बदलून 'प्रॉडक्शन डिझाइन' केलं ते थेट २०१२ मध्ये. शब्द पोहोचायला त्र्याहत्तर वर्षं लागली, तर पैसा पोहोचायला किती लागतील याचा हिशेब मी करत नाही.

चित्रपट आणि टीव्ही यांत मात्र एक मोठा फरक आहे आणि माझा सगळा युक्तिवाद त्यावर उभा आहे. चित्रपटाचा सेट काही आठवडे जगतो. चित्रीकरण झालं की मोडतात, आणि डिझायनर पुढच्या कामाला लागतो. मालिकेत एक 'स्टँडिंग सेट' असतो, म्हणजे कायमचा उभा. घर, कचेरी, पोलीस ठाणं, जहाजाचा नियंत्रण कक्ष, जे काही असेल ते. पहिल्या भागाआधी, घाईघाईत, पैसे मंजूर होतील की नाही हे माहीत नसताना तो आखला जातो आणि मालिका चालली तर पाच, सात, दहा वर्षं तसाच राहतो. त्या काळात दिग्दर्शक दर भागाला बदलतात, लेखकांचा चमू दर हंगामाला बदलतो, कॅमेरामन बदलतात, नट सोडून जातात, एखाद्या पात्राला तर संहितेतच मारून टाकतात. भिंती तिथेच असतात. दार डावीकडे की उजवीकडे, स्वयंपाकघर बैठकीतून दिसतं की नाही, जिना मध्येच आहे की कोपऱ्यात, हे पहिल्या महिन्यात एका माणसाने ठरवलेलं असतं आणि पुढचा प्रत्येक लेखक त्या ठरवलेल्या चौकटीत लिहितो. समोरासमोर दोन घरांची दारं ठेवली की माणसं न सांगता एकमेकांच्या घरात घुसू लागतात. तो विनोद लेखकाचा असतो, पण त्याला वाट करून दिलेली असते आराखड्यात.

हे मी पुस्तकातून सांगत नाही. मी काही वर्षं कला विभागात सामान उचलण्यापासून याद्या करण्यापर्यंतची कामं केली आहेत, आणि एक दिवस अजून डोळ्यांसमोर आहे. एका मालिकेसाठी दोन खोल्यांचं घर उभं राहिलं होतं. भिंती प्लायच्या, रंग आदल्या रात्री वाळलेला, फर्निचर लावून झालेलं. डिझायनर बाई आल्या, मधोमध उभ्या राहिल्या, चारी बाजूंना पाहिलं आणि म्हणाल्या, "इथे अजून कुणी राहायला आलेलं नाही." मग रंगकाम करणाऱ्या काकांना घेऊन त्या तीन तास भिंतींशी बसल्या. पाण्यात पातळ केलेला तपकिरी रंग स्पंजाला लावून दिव्याच्या बटणांभोवती फिरवला, मग ओल्या फडक्याने पुसला, मग पुन्हा फिरवला. असा मळ की जो कुणी 'लावला' असं वाटू नये, 'बसला' असं वाटावं. कपाटाच्या दारावरचा मळ त्यांनी उलट्या बाजूला घ्यायला लावला. काका म्हणाले, इकडे कोण हात लावतो? बाई म्हणाल्या, घरातली बाई डावखुरी आहे, दुसऱ्या भागात एका वाक्यात आलंय. जेवणाच्या टेबलामागच्या भिंतीवर, कंबरेपेक्षा जरा खाली, त्यांनी किल्लीने एक आडवा ओरखडा काढला. खुर्ची रागाने मागे ढकलली की तिची पाठ जिथे आपटेल तिथे. एकदा नाही, वर्षानुवर्षं आपटत आली असेल असा, एकावर एक रेषा असलेला ओरखडा.

पहिल्या हंगामात तो ओरखडा एकदाही नीट दिसला नाही. बाई दुसऱ्या हंगामाला नव्हत्या. निर्मितीच्या नव्या माणसांनी आपला डिझायनर आणला, त्याने पडदे बदलले आणि बाकी घर होतं तसं ठेवलं, कारण प्रेक्षकांना ते आवडलं होतं. तिसऱ्या की चौथ्या हंगामात एक नवा लेखक सेट बघायला आला. सगळे जेवायला गेले असताना तो टेबलाशी बसला, ओरखडा त्याच्या नजरेला पडला आणि त्याने विचारलं, "हा कुणाचा?" कुणाला माहीत नव्हतं. त्याने त्यावर एक प्रसंग लिहिला: मुलगा बापाच्या खुर्चीत बसतो, रागाने उठतो आणि खुर्ची नेमकी त्याच जागी आपटते. त्या मालिकेबद्दल लोक आजही बोलतात तेव्हा त्या प्रसंगाबद्दल बोलतात. लेखकाचं कौतुक झालं, आणि ते योग्यच होतं. बाईंचं नाव तोवर श्रेयनामावलीतून गेलेलं होतं. मी कुणाला तरी म्हणालो की ओरखडा त्यांचा आहे. उत्तर आलं, "हो का? छान काम करायच्या."

मालिका एका डिझायनरकडून दुसऱ्याकडे जाणं ही काही विरळा गोष्ट नाही. 'मॅड मेन'चा पहिला भाग न्यूयॉर्कमध्ये चित्रित झाला, त्याचे डिझायनर बॉब शॉ. मालिका मंजूर होऊन लॉस एंजेलिसला गेली आणि पुढचं जग डॅन बिशप यांनी उभं केलं. 'गेम ऑफ थ्रोन्स'चे पहिले तीन हंगाम जेमा जॅक्सन यांचे, चौथ्यापासून आठव्यापर्यंत डेबोरा रायली. दोघीही आपापल्या जागी थोर. पण चौथ्या हंगामात रायली यांच्या हाती जे आलं ते मोकळं मैदान नव्हतं. राज्यं, त्यांचे दगड, त्यांचे दरबार, लोखंडी सिंहासन, असं एक चालतं जग आलं होतं. असं जग हाती घेणं हीसुद्धा कला आहे, आणि तिच्याबद्दल कुणी बोलत नाही. आधीच्याचं मोडायचं नाही, आणि नवं बांधलेलं जुन्याच्या शेजारी उपरं वाटता कामा नये.

लेखकांच्या बाबतीत ही हस्तांतराची गोष्ट अमेरिकेत फार पूर्वी सोडवली गेली आहे. तिथल्या लेखक संघटनेच्या करारात अशी तरतूद आहे की मालिकेची मूळ कल्पना ज्याची, त्याचं नाव निर्माता (म्हणजे 'क्रिएटर', पैसे लावणारा नव्हे) म्हणून राहतं, आणि त्याने पुढे एक ओळही लिहिली नाही तरी प्रत्येक नव्या भागामागे त्याला ठरावीक रक्कम मिळते. शिवाय पुनःप्रक्षेपणाचे पैसे वेगळे. लेखक, दिग्दर्शक, नट या तिघांना ते व्यक्तिशः मिळतात. प्रॉडक्शन डिझायनर ज्या कामगार महासंघात मोडतात, त्याच्या वाट्याचे असे पैसे एकत्रितपणे निवृत्तिवेतन आणि आरोग्य योजनेत जातात. ही व्यवस्था वाईट नाही, हजारो सुतार-रंगाऱ्यांची दवाखान्याची बिलं त्यातून भागली आहेत. पण आपण आखलेलं घर तिसाव्या वेळी दाखवलं जातंय आणि त्याचे चार पैसे आपल्या नावावर आले, असं डिझायनरच्या बाबतीत होत नाही.

आता यावरचे आक्षेप. पहिला आणि सर्वात जुना: डिझायनरला त्याच्या कामाचे पैसे मिळाले की! कसिक यांनाही पगार मिळत होता.

हो, मिळत होता, आणि १९६३ मध्ये या उत्तरात थोडा दम होता. बीबीसीचा डिझाइन विभाग म्हणजे एक संस्थाच होती. तिथे माणूस शिकाऊ म्हणून लागायचा, मोठ्या डिझायनरच्या हाताखाली घडायचा, आज बालमालिका, उद्या शेक्सपिअर, परवा बातम्यांचा मंच असं करत वाढायचा आणि निवृत्त झाल्यावर पेन्शन घ्यायचा. एखादी मालिका पडली तरी त्याची चूल विझत नव्हती. म्हणजे धोका संस्थेचा आणि म्हणून फायदाही संस्थेचा. हा सौदा कसिक यांच्यावर अन्याय करून गेला, तरी त्याला सौदा म्हणता येत होतं. १९९३ मध्ये बीबीसीत 'प्रोड्यूसर चॉइस' नावाची अंतर्गत बाजारपेठेची पद्धत आली. निर्मात्यांना बाहेरून माणसं आणायची मुभा मिळाली, आणि घरचे विभाग आटत गेले. बाकी जगातही टीव्हीचा डिझायनर आता बहुतेक ठिकाणी कंत्राटी आहे. सहा महिने काम, चार महिने फोनची वाट. २०२३ मध्ये अमेरिकेत आधी लेखकांचा आणि मग नटांचा संप झाला, कामं बंद पडली. लेखक-नट संपावर होते म्हणून, आणि कला विभाग संपावर नसूनही घरी बसला. संप मिटल्यावरही काम इतकं कमी आलं की २०२४ मध्ये तिथल्या कला दिग्दर्शकांच्या संघटनेने नवोदितांना घडवणारा आपला उपक्रमच थांबवला. काम नसलेल्या धंद्यात मुलांना कशाला बोलवायचं, हा त्यामागचा प्रामाणिक विचार.

म्हणजे नोकरी गेली, पेन्शन गेलं, शिकवणारा विभाग गेला, धोका सगळा डिझायनरच्या अंगावर आला. फक्त 'तू जे करशील ते आमचं' हे कलम जसंच्या तसं राहिलं. पगारदाराच्या करारातलं ते एक वाक्य कंत्राटदाराच्या करारात उतरवताना बाकीची पानं कुठे हरवली, हे कुणी विचारलंच नाही. 'पैसे मिळाले की' म्हणणाऱ्यांना मी हेच विचारतो. धोका आम्ही घ्यायचा, तर फायद्यातला कण आमच्याकडे का नको?

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे आणि तो बहुधा कला विभागातूनच येतो. डिझायनर एकटा काही करत नाही. खरं आहे. डालेकसुद्धा कसिक यांनी कागदावर काढला आणि शॉक्राफ्ट नावाच्या कार्यशाळेने तो लाकूड-प्लास्टिकात घडवला. एका सेटमागे आर्ट डायरेक्टर असतात, आराखडे काढणारे, सजावट करणारे, प्रॉप सांभाळणारे, खोटी वर्तमानपत्रं आणि पाट्या छापणारे ग्राफिकवाले, सुतार, रंगारी, झाडं लावणारे. ओरखडा बाईंनी काढला, पण मळ काकांचा होता, आणि तो मळ कसा बसतो हे बाईंना काकांनीच कधीतरी शिकवलं असणार. मग वाटा कुणाला?

मला हा आक्षेप वाटा न देण्याचं कारण वाटत नाही, तो कसा द्यायचा याचं कोडं वाटतो. दिग्दर्शक तरी कुठे एकटा काम करतो? त्याच्या बाबतीत हा प्रश्न निघत नाही, कारण कुणाचा निर्णय शेवटचा हे आपण मान्य केलेलं आहे. डिझाइनच्या बाबतीतही शेवटचा निर्णय कुणाचा हे सेटवरच्या प्रत्येकाला ठाऊक असतं. वाट्याचा एक भाग डिझायनरच्या नावाने आणि एक भाग मूळ कला विभागाच्या निधीत, अशी विभागणी हिशेबनिसाला एका दुपारचं काम आहे. एकत्रित निधी चालवायचा अनुभव तर महासंघाकडे आहेच.

तिसरा आक्षेप लेखकांचा: सगळं आधी शब्दात असतं. 'स्क्विड गेम'मधले ते गुलाबी-हिरव्या भिंतींचे जिने घ्या, एशरच्या चित्रांसारखे, वर जातात की खाली हेच कळू न देणारे. चे क्युंग-सुन आणि त्यांच्या चमूने ते उभे केले, आणि २०२२ मध्ये त्यांना त्या कामासाठी टीव्हीचा एमी पुरस्कार मिळाला. 'सेव्हरन्स'मधली जेरेमी हिंडल यांची ती भलीमोठी, जवळजवळ रिकामी खोली घ्या. हिरवा गालिचा, आणि मधोमध एकमेकांना चिकटवलेली चार टेबलं, जणू समुद्रात तराफा. 'जिना' आणि 'कचेरी' हे शब्द कुणीही लिहील. त्या मालिकांचा अर्थ काय, असं विचारलं तर बघणारा आधी ते जिने आणि ती खोलीच सांगतो. लेखकाचं मोल याने कमी होत नाही. नुसत्या शब्दांनी मालिका झाली असती तर आपण ती रेडिओवर ऐकली असती.

'पण पुरस्कार मिळतात ना' असंही कुणी म्हणतं. मिळतात. पुरस्कार एका संध्याकाळचा असतो, घराचा हप्ता दर महिन्याचा.

'फ्रेंड्स'मधल्या जांभळ्या भिंती आठवा. जॉन शॅफनर यांनी तो रंग सुचवला तेव्हा आधी लोक बिचकले. छोटं मॉडेल रंगवून दाखवल्यावर पटलं. त्यामागचा विचार साधा होता: चॅनेल बदलता बदलता कुणी इथे आला तर एका क्षणात त्याला कळलं पाहिजे की आपण कुठे आहोत. १९९४ पासून ती भिंत हेच करत आली आहे. मालिका २००४ मध्ये संपली, भिंत अजून कामावर आहे. त्या मालिकेची कॉफीची जागा स्टुडिओच्या सहलीत दाखवतात, लोक सोफ्यावर बसून फोटो काढतात. 'गेम ऑफ थ्रोन्स'चं तर उत्तर आयर्लंडमधल्या बॅनब्रिजला २०२२ मध्ये स्वतंत्र प्रदर्शनच सुरू झालं. माणूस तिकीट काढून तिथे जातो तो संवाद ऐकायला जात नाही, संवाद घरी फुकट ऐकता येतात. तो जातो त्या दरबारात उभं राहायला. म्हणजे मालिका संपल्यानंतरची ही कमाई जवळजवळ सगळी नेपथ्यावरची कमाई आहे, आणि तरी तिकिटाच्या पैशाशी डिझायनरच्या कराराचा सहसा काही संबंध नसतो. हे मला अन्यायाच्याही आधी विसंगत वाटतं. ज्या मालाची विक्री चालू आहे तोच माल 'सहाय्यक काम' या खात्यात टाकलेला आहे.

हे प्रकरण आत्ताच का निस्तरायला हवं, याचं कारण नवं तंत्र आहे. २०१९ च्या 'द मँडलोरियन'साठी वीस फूट उंच एलईडी पडद्यांची वाकडी भिंत वापरली आणि वाळवंटं, गुहा, हँगर सगळं त्या पडद्यावर आलं. अशा कामात डिझायनरला चित्रीकरणाच्या कितीतरी आधी जग पूर्ण करून द्यावं लागतं, कारण कॅमेऱ्यासमोर येईल ते आधीच बनलेलं असावं लागतं. प्लायचा सेट मोडावा लागतो. गोदामाचं भाडं परवडत नाही म्हणून तो कचऱ्यात जातो, आणि शेवटच्या दिवशी आपली भिंत ट्रकवर चढताना पाहणं हा या धंद्यातला एक सार्वत्रिक अनुभव आहे. रडू येतं, पण निदान पुन्हा कुणाला तसाच सेट हवा असेल तर कुणालातरी पुन्हा काम द्यावं लागतं. संगणकातलं जग मोडत नाही. ती फाइल राहते. पुढच्या हंगामात, दुसऱ्या मालिकेत, गेममध्ये, प्रदर्शनात ती परत उघडता येते, आणि उघडताना ज्याने ती रचली त्याला फोनही करावा लागत नाही. लाकडाचा सेट मरणधर्मा होता, तेवढंच त्याचं डिझायनरला संरक्षण होतं. तेही आता चाललं.

नावाचं सांगायचं तर ते पैशाआधीच पुसलं जातंय. नेटफ्लिक्सने २०१७ मध्ये सुरुवातीची श्रेयनामावली ओलांडायचं बटण आणलं, शेवटची नामावली तर आता पुढचा भाग सुरू होईपर्यंतच्या काही सेकंदांची कोपऱ्यातली चौकट झाली आहे. मीही ते बटण दाबतो, उगाच सोवळं कशाला दाखवू? म्हणूनच नाव कुठेतरी धावत्या पाटीवर असण्यावर माझं समाधान होत नाही. मालिकेचं पान उघडलं की जिथे 'निर्माता' म्हणून लेखकाचं नाव दिसतं, तिथेच 'मूळ रचना' म्हणून पहिल्या डिझायनरचं नाव दिसावं. तो सोडून गेला तरी, सेट बदलला तरी. आणि ज्यांनी ते जग पुढे नेलं त्यांची नावं त्याखाली.

एक गोष्ट मात्र मला नको आहे, आणि इथे माझे काही मित्र माझ्याशी भांडतात. डिझायनरला नकाराधिकार नको. २००४ मध्ये डालेकबाबत जे घडलं तसं, वारसांच्या रुसव्यावर मालिकेतलं एक पात्रच अडून राहावं, हे मला लेखकाच्या बाबतीतही फारसं आवडलेलं नाही. जग उभं केलेल्या माणसाने त्याच्या दाराला कुलूप लावू नये. पुढचे लोक भिंती पाडतील, रंग बदलतील, माझा ओरखडा बुजवून टाकतील. बुजवू देत. मला किल्ली नको. पाटीवर नाव हवं आणि भाड्यातला बारकासा हिस्सा हवा.

असं झालेलं एक उदाहरण आहे, करारात नाही, पण झालेलं. 'स्टार ट्रेक'च्या १९६६ च्या मूळ मालिकेचे कला दिग्दर्शक मॅट जेफरीज. दुसऱ्या महायुद्धात बॉम्बर विमानांवर काम केलेला हा माणूस. एंटरप्राइज हे जहाज त्यांनी आखलं: पुढे बशी, मागे लांब खांबांवर दोन इंजिनं. इंजिनं इतकी ताकदीची असतील की माणसांपासून दूर बरी, हा त्यामागचा हिशेब. जहाजाचं बाहेरचं अंग त्यांनी गुळगुळीत ठेवलं. विमानांवर काम केल्यामुळे त्यांना माहीत होतं की जे बिघडतं ते दुरुस्त करायला कुणालातरी जावं लागतं, आणि अवकाशात बाहेर जाऊन पाना फिरवण्यापेक्षा आतून केलेलं बरं. त्या जहाजाची अकरा फुटी मूळ प्रतिकृती १९७४ मध्ये वॉशिंग्टनच्या राष्ट्रीय हवाई व अंतराळ संग्रहालयाला देण्यात आली. तीन हंगामांत मालिका बंद पडली होती, पण पुढे कितीतरी मालिका-चित्रपट त्याच नावाने निघाले, आणि त्यांतली बहुतेक जहाजं त्या बशीची आणि त्या दोन इंजिनांचीच भावंडं आहेत.

दुरुस्ती आतून करायची म्हणून मूळ सेटवर तिरकी जाणारी एक अरुंद नळी होती, तिच्यात इंजिनिअर अर्धा घुसून काम करताना दिसतो. सेटवरचे लोक गमतीने तिला 'जेफरीज ट्यूब' म्हणायचे. पुढच्या मालिकांच्या लेखकांनी ती गंमत उचलली आणि पात्रांच्या तोंडी घातली. कॅप्टन हुकूम सोडतो, जेफरीज ट्यूबमधून जा. कुणीतरी जाळी उचकटतं, गुडघ्यावर बसतं आणि त्या नावातून सरपटत पुढे जातं. ते नाव संवादात आहे, त्यामुळे बटण दाबून ओलांडता येत नाही.